ओळखपत्राची पारख

हुंडीचा व्यवहार ज्या काळीं जोरांत होता त्या काळीं परगांवीं निघालेला गृहस्थ रोख रक्कम कमरेला बांधून नेत नसे. आपल्या गांवच्या पेढीवर तो पैसे भरी, पेढीचा मुनीम चार ओळींचा कागद लिहून देई, आणि तो कागद दूरच्या शहरांतील दुसऱ्या पेढीवर दाखवितांच पैसे हातीं येत. दुसऱ्या पेढीवरील माणसानें या गृहस्थाला जन्मांत पाहिलेलें नसे. त्याची ओळख होती ती पहिल्या पेढीशीं, तिच्या हस्ताक्षराशीं आणि तिच्या खुणांशीं. सारा विश्वास त्या कागदावर उभा असल्यामुळें कागद वाचणारा कारकून ही मोठ्या जबाबदारीची असामी समजली जाई.

एखाद्या विद्यापीठांतील संशोधक विद्यार्थिनी रात्रीं घरीं बसून परदेशांतील प्रकाशकाच्या संकेतस्थळावर एखादें नियतकालिक उघडते, तेव्हां घडणारा व्यवहार याच जातीचा असतो. प्रकाशकाकडे तिचें खातें नसतें. तो तिला परवलीचा शब्द विचारीत नाहीं. एवढेंच विचारतो कीं, आपली संस्था कोणती? ती यादींतून आपल्या विद्यापीठाचें नांव निवडते. तत्क्षणीं ब्राउझर तिला विद्यापीठाच्या दाराशीं नेतो. परवलीचा शब्द तेथेंच विचारला जातो, तेथेंच तपासला जातो, आणि मग विद्यापीठ एक सही केलेलें पत्र तिच्याच ब्राउझरच्या हातीं देऊन तिला प्रकाशकाकडे परत पाठवितें. ‘हें पत्र घेऊन येणारी व्यक्ति आमच्या संस्थेंतील आहे’ एवढाच त्या पत्राचा मथितार्थ. पुष्कळदां तर पत्रांत तिचें नांवहि नसतें. प्रकाशक सही पाहतो आणि दार उघडतो. एकमेकांच्या सहीवर विश्वास ठेवण्याचा करार केलेल्या संस्थांचा संघ या व्यवहारामागें असतो, म्हणून त्याला संघीय लॉगिन म्हणतात. भारतांत गांधीनगर येथील इन्फ्लिबनेट केंद्रानें असा एक संघ उभारला आहे. त्याचें नांव इन्फेड. महाराष्ट्रांतील विद्यापीठेंहि त्यांत आहेत.

पत्राची भाषा ठरलेली आहे. तिला एसएएमएल म्हणतात. ओएसिस या मानकें ठरविणाऱ्या मंडळानें तिची पहिली आवृत्ति २००२ सालीं, आणि आज सर्वत्र चालू असलेली दुसरी आवृत्ति २००५ च्या मार्च महिन्यांत प्रसिद्ध केली. सही अर्थातच शाईची नसते. पत्राच्या मजकुरावरून गणितानें एक छोटा ठसा काढावयाचा आणि त्यावर विद्यापीठाच्या गुप्त किल्लीनें मोहोर उठवावयाची, अशी ती कृति आहे. विद्यापीठाची दुसरी, उघड किल्ली साऱ्या संघाला ठाऊक असते. तिच्या साह्यानें मोहोर कोणालाहि पडताळून पाहतां येते. मजकुरांतील एक अक्षर बदललें तर ठसा बदलतो आणि मोहोर जुळत नाहीं. निदान जुळूं नये.

असें पत्र लिहिण्याचीं व वाचण्याचीं साधनें अनेकांनीं तयार केलीं आहेत. विद्यापीठांच्या जगांत फार रुळलेलें साधन म्हणजे शिब्बोलेथ. अमेरिकेंतील इंटरनेट-टू या विद्यापीठांच्या मंडळानें २००० सालीं तें काम हातीं घेतलें व २००३ मध्यें त्याची पहिली आवृत्ति बाहेर पडली. नांव बायबलांतून घेतलेलें आहे. ‘शास्ते’ या पुस्तकाच्या बाराव्या अध्यायांत अशी हकीकत आहे कीं, पराभूत एफ्राइमी लोक यार्देन नदीच्या उतारावरून पळूं लागले असतां गिलादी पहारेकरी प्रत्येकाला ‘शिब्बोलेथ’ हा शब्द उच्चारावयास सांगत. ज्याच्या तोंडून ‘श’ ऐवजीं ‘स’ निघे तो शत्रूचा ठरे. बेचाळीस हजार माणसें त्या प्रसंगीं पडलीं असें तेथें म्हटलें आहे. लॉगिनच्या साधनाला इतकें रक्तरंजित नांव कां द्यावें, हा प्रश्न रास्तच होय; पण ओळख पटविण्याचें काम अखेर अक्षराच्या वाचनावर येऊन ठेपतें, एवढें त्या नांवांत अचूक सांगितलें गेलें आहे. त्याचा प्रत्यय २०१८ सालीं आला. ती हकीकत पुढें येईलच.

प्रकाशकाच्या बाजूला हें पत्र प्रत्यक्ष वाचतो कोण? संकेतस्थळाचीं पानें देण्याचें काम पुष्कळ ठिकाणीं अपाची नांवाचा वेब-सर्व्हर करतो. पण त्याला स्वतःला एसएएमएलचें एक अक्षर कळत नाहीं. शिब्बोलेथचा एक लहानसा भाग त्याच्या पोटांत बसविलेला असतो. देवडीवरच्या शिपायाप्रमाणें तो पाहुण्याला थांबवितो आणि त्याचें पत्र आंत नेऊन देतो. आंत ‘शिब-डी’ नांवाचा प्रोग्रॅम पडद्याआड अखंड चालू असतो; पारख तेथें होते. मात्र शिब-डी हाहि एकटा नाहीं. घडी उलगडून अक्षरें लावण्याचें काम झर्सीझ नांवाची लायब्ररी करते. मोहोर जुळते कीं नाहीं हें एक्सएमएल-सिक्युरिटी पाहते, आणि त्यामागची अवघड आंकडेमोड ओपनएसएसएल करते. मजकुराचे तुकडे वेचून हातीं देणें हें एक्सएमएल-टूलिंगचें काम. पत्राचा अर्थ ओपनसॅमल लावते. संघांतील संस्थांची यादी दुरून आणावयाची झाली तर लिबकर्लला धाडलें जातें. घडलेल्या गोष्टींची रोजनिशी ठेवणारी लायब्ररी आणखी निराळीच आहे.

‘लायब्ररी’ हा शब्द येथें थोडा फसवा आहे. पुस्तकांशीं तिचा कांहीं संबंध नाहीं. अनेक प्रोग्रॅमांना लागणारें एखादें कौशल्य एकदांच लिहून एका फाईलींत ठेवलेलें असतें, आणि ज्याला गरज पडेल तो प्रोग्रॅम तें तेथून उसनें घेतो. मोडी चांगली वाचणारा गांवांत एकच इसम असला म्हणजे सावकार, देवस्थानचे पंच आणि भाऊबंदकीच्या तंट्यांतील दोन्ही पक्ष आपापले कागद त्याच्याच ओसरीवर नेत. तसाच हा प्रकार. लिनक्स सर्व्हरवर अशा फायलींचीं नांवें ‘लिब’ या अक्षरांनीं सुरू होतात, पुढें ‘एस-ओ’ हीं अक्षरें येतात आणि बहुधा शेवटीं एखादा अंक असतो. प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फाईलींत या लायब्रऱ्यांचीं केवळ नांवें नोंदलेलीं असतात. तो सुरू होतांना एक जोडणारा प्रोग्रॅम ती नोंद वाचतो, ठरलेल्या जागीं त्या त्या फायली शोधतो आणि सर्वांची स्मृतींत सांधजोड करून देतो. मगच खऱ्या कामाला आरंभ होतो. आयत्या वेळीं जोडण्याची ही कल्पना १९६० नंतरच्या दशकांत मल्टिक्स या संगणकप्रणालींत प्रथम मोठ्या प्रमाणावर वापरली गेली. युनिक्सच्या वंशांत तिला आजचें रूप सन कंपनीच्या सनओएस ४.० या १९८८ च्या आवृत्तीनें दिलें.

यांत काटकसर उघड आहे. पन्नास प्रोग्रॅम ओपनएसएसएल वापरीत असले तरी तिची आज्ञावली स्मृतींत एकदांच ठेवली जाते. पण काटकसर हा आतां दुय्यम लाभ झाला आहे. स्मृति स्वस्त झाली. खरा लाभ दुरुस्तीचा. लायब्ररींत दोष निघाला तर एक फाईल बदलली कीं ती वापरणारे सारे प्रोग्रॅम एकदम सुधारतात. याच नाण्याची दुसरी बाजू अशी कीं, तो दोष निघेपर्यंत ते सारे एकदमच सदोष असतात. मोडी वाचणाऱ्याचा एक डोळा अधू असला तर अख्ख्या गांवाचे कागद चुकीचे वाचले जावयाचे.

नांवाच्या शेवटचा अंक कशासाठीं, हेंहि पाहिलें पाहिजे. तो अंक म्हणजे एक करार असतो. लायब्ररीच्या कर्त्यांनीं आंतील रचना अशी बदलली कीं जुन्या प्रोग्रॅमांना ती उमगणार नाहीं, तर त्यांनीं अंक बदलावयाचा. मग जुना प्रोग्रॅम जुन्या अंकाची फाईल मागतो, नवा नव्या अंकाची. आणि दोन्ही एका यंत्रावर गुण्यागोविंदानें नांदतात. अडचण होते ती एकाच प्रोग्रॅमच्या पोटांत एकाच लायब्ररीच्या दोन आवृत्त्या आल्यावर. अपाचीसारख्या वेब-सर्व्हरमध्यें हें सहज घडूं शकतें, कारण त्याच्या पोटांत निरनिराळ्या घरचे भाग राहावयास आलेले असतात आणि प्रत्येकजण आपापलें सामान बरोबर आणतो. अशा वेळीं सर्व्हर एखाद्या निरुपद्रवी दिसणाऱ्या विनंतीवर अकस्मात् कोसळतो आणि रोजनिशींत कारण सांपडत नाहीं. शिब्बोलेथच्या कर्त्यांनीं ही जोखीम ओळखून अपाचीच्या पोटांत जाणाऱ्या लायब्रऱ्यांची मुद्दाम हलकी आवृत्ति केली, आणि अवजड काम शिब-डी या वेगळ्या घरांत नेलें. हा शहाणपणा नीट ध्यानांत घेण्यासारखा आहे.

तरीहि सामायिक सामानावरून तंटा टळला नाहींच. रेड हॅट कंपनीच्या लिनक्सच्या ६ व्या व ७ व्या आवृत्तींत, आणि त्यावरून केलेल्या सेंटओएसमध्यें, लिबकर्ल ही लायब्ररी ओपनएसएसएलवर न बांधतां एनएसएस या दुसऱ्या लायब्ररीवर बांधलेली होती. सामान्य प्रोग्रॅमांना त्याचें सुखदुःख नव्हतें. शिब्बोलेथला मात्र होतें. समोरच्या संस्थेचें प्रमाणपत्र खरें कीं खोटें याचा निवाडा तो संघाच्या यादीवरून स्वतः करूं इच्छितो, आणि त्यासाठीं लिबकर्लच्या मार्फत ओपनएसएसएलच्या कारभारांत हात घालणें त्याला अवश्य असतें. एनएसएसवर बांधलेल्या लिबकर्लमध्यें ती वाट बंद होती. मग शिब्बोलेथच्या मंडळींनीं स्वतःची लिबकर्ल बांधली, ती वेगळ्या फोल्डरांत ठेवली, आणि शिब-डी सुरू करतांना ‘प्रथम या जागीं पाहा’ अशी सूचना त्यापुरती लिहून ठेवली. तोडगा चालला. पण सामायिक विहीर सोडून परसांत आड खणला कीं त्याचा गाळ काढणेंहि आपल्याकडेच येतें. रेड हॅटकडून लिबकर्लच्या दुरुस्त्या येत त्या सार्वजनिक प्रतीला लागत. या खाजगी प्रतीला नव्हे. ती वेळेवर बदलली जाते कीं नाहीं हें सर्व्हरच्या व्यवस्थापकानें ध्यानांत ठेवावयाचें. आठव्या आवृत्तींत रेड हॅटची लिबकर्ल पुनः ओपनएसएसएलवर आली आणि हा आड बुजविण्याची सोय झाली.

आतां २०१८ ची हकीकत. त्या वर्षीं सात आठवड्यांच्या आंत शिब्बोलेथच्या एक्सएमएल-टूलिंग या एकाच लायब्ररींत दोन दोष जाहीर झाले. पहिला १२ जानेवारीचा. एक्सएमएलच्या कागदावर माथ्याशींच संक्षेपांच्या व्याख्या देण्याची एक जुनी सोय आहे. तिचा दुरुपयोग करून सही न मोडतां पत्रांतील माहिती बदलतां येत होती. १.६.३ या आवृत्तीनें तो दोष बुजविला. दुसरा २७ फेब्रुवारीचा. हा अधिक साधा असल्यामुळेंच अधिक अस्वस्थ करणारा होता, आणि तो केवळ शिब्बोलेथपुरता नव्हता.

एक्सएमएलमध्यें मजकुराच्या मधोमध टीप लिहिण्याची सोय असते. टीप म्हणजे कागदाच्या समासांतील शेऱ्यासारखी. मूळ मजकुराचा ती भाग मानली जात नाहीं. आतां, एकच पत्र जागा कमीअधिक सोडून दोन तऱ्हांनीं लिहिलें गेलें तर दोन निराळे ठसे निघतील. म्हणून ठसा काढण्यापूर्वीं पत्र एका ठरलेल्या शुद्ध रूपांत आणण्याची रीत आहे, आणि नेहमींच्या रीतींत या टिपा गाळल्या जातात. यांत वावगें कांहीं नाहीं. पण त्याचा अर्थ असा होतो कीं, सही झाल्यावर कोणी पत्रांत एखादी टीप घुसडली तरी ठसा तोच राहतो व मोहोर बिनतक्रार जुळते. इकडे मजकूर वेचणारी लायब्ररी जेव्हां नांवाच्या रकान्यापाशीं येते, तेव्हां मध्येंच टीप आल्यामुळें तिला नांवाचे दोन तुकडे दिसतात. कित्येक लायब्रऱ्या पहिला तुकडा उचलीत आणि दुसरा सोडून देत.

समजा, एका संस्थेंत ‘गणेश’ या खात्याचा मालक कोषाध्यक्ष आहे, आणि दुसऱ्या कोणी ‘गणेशप्रसाद’ नांवाचें साधें खातें रीतसर मिळविलें आहे. गणेशप्रसाद स्वतःच्याच परवलीच्या शब्दानें लॉगिन करतो. संस्था त्याला सही केलेलें पत्र देते. आणि तें पत्र, वर सांगितल्याप्रमाणें, त्याच्याच ब्राउझरमधून पुढें जावयाचें असतें. वाटेंत तो ‘गणेश’ आणि ‘प्रसाद’ यांच्यामध्यें एक रिकामी टीप घालतो. एकहि अक्षर त्यानें खोडलें नाहीं, एकहि नवें लिहिलें नाहीं. मोहोर तपासणारा म्हणतो, पत्र अस्सल आहे. नांव वाचणारा म्हणतो, आलेला गृहस्थ गणेश आहे. दोघेहि आपापल्या परीनें खरें बोलतात, आणि कोषाध्यक्षाचें दार उघडतें.

हा प्रकार ड्युओ सिक्युरिटी या कंपनींतील संशोधकांनीं शोधून काढला, आणि कार्नेगी मेलन विद्यापीठांतील सर्ट केंद्रानें त्याची एकत्रित सूचना प्रसिद्ध केली. पायथन, रुबी, जावास्क्रिप्ट आणि सी-प्लस-प्लस अशा निरनिराळ्या भाषांत, एकमेकांपासून दूर बसलेल्या लोकांनीं लिहिलेल्या लायब्रऱ्यांत त्याच कुळींतील चूक सांपडली. त्यांपैकीं कोणीहि गणितांत चुकला नव्हता. सहीचें शास्त्र शाबूत होतें. चुकलें तें दोन कामांच्या मधलें: ज्या रूपाची सही तपासली तेंच रूप पुढें वाचलें जात आहे कीं नाहीं, हें पाहण्याचें काम कोणाचेंच नव्हतें. हुंडीवरील मोहोर एकानें पाहावी आणि रक्कम दुसऱ्यानें वाचावी, आणि दोघांच्या हातीं कागद मात्र किंचित् निराळा असावा, असा तो मामला. दोषाला मर्यादा होत्या हेंहि सांगितलें पाहिजे. लबाडाला त्याच संस्थेंत सोईस्कर नांवाचें खातें मिळावें लागे. शिवाय जेथें पत्र पाकिटांत बंद करून, म्हणजे गूढलिपींत बदलून पाठविलें जाई, तेथें वाटेंत त्यांत टीप घालणें जवळजवळ अशक्यच होतें.

दुरुस्ति मात्र सामायिक फाईलीच्या पद्धतीला साजेल अशी झाली. एक्सएमएल-टूलिंगची १.६.४ ही आवृत्ति निघाली. शिब-डीला, अपाचीला किंवा संकेतस्थळाच्या पानांना हात लावण्याचें कारण पडलें नाहीं. फाईल बदलली कीं वाचणाऱ्याची दृष्टि सुधारली. हीच आज्ञावली जर प्रत्येक प्रोग्रॅमच्या पोटांत वेगवेगळी शिवलेली असती, तर प्रत्येकाला पुन्हा टांके घालावे लागले असते, आणि एखादा विसरला गेला असता.

येथें एक बारकावा आहे, आणि तो भल्याभल्यांना नडतो. लिनक्समध्यें लायब्ररीची फाईल बदलली तरी जो प्रोग्रॅम आधींपासून चालू आहे तो जुनीच प्रत धरून बसतो. डिस्कवरील नांव नव्या फाईलीला मिळालेलें असतें; जुनी प्रत बिननांवाची होऊन स्मृतींत जिवंत राहते. ७ एप्रिल २०१४ रोजीं ओपनएसएसएलमधील ‘हार्टब्लीड’ हा दोष जाहीर झाला, तेव्हां हें फार मोठ्या प्रमाणावर अनुभवास आलें. सर्व्हरच्या स्मृतींतील गुप्त मजकूर, क्वचित् गुप्त किल्लीहि, बाहेरच्यांना वाचूं देणारा तो दोष १.०.१-जी या आवृत्तींत काढला होता. ती आवृत्ति चढवून निश्चिंत झालेल्यांचे प्रोग्रॅम, पुन्हा सुरू केले जाईपर्यंत, पूर्वींसारखेच उघडे राहत. सावध व्यवस्थापक म्हणून एलएसओएफ ही आज्ञा चालवून कोणता प्रोग्रॅम काढून टाकलेली फाईल धरून बसला आहे याची यादी काढतो, आणि ती यादी रिकामी होईपर्यंत एकेक प्रोग्रॅम बंद करून पुन्हा सुरू करतो. शिब-डी दोन मिनिटें बंद राहिला तर कोणी विद्यार्थी कुरकुरेल. पण तेवढी कुरकूर सोसलेली बरी.

या फायलींची निगा कोण राखतें, हा प्रश्न फारसा कोणी विचारीत नाहीं. शिब्बोलेथ कोणालाहि मोफत वापरतां येतो. मोहोर तपासणारी एक्सएमएल-सिक्युरिटी ही लायब्ररी अपाची प्रतिष्ठानच्या सॅन्तुआरिओ प्रकल्पाची. पुढें त्या प्रकल्पानें तिच्या सी-प्लस-प्लस शाखेचें काम सोडून दिलें, आणि तिच्यावर अवलंबून असलेल्या शिब्बोलेथच्या मंडळींनाच तिचा सांभाळ पत्करावा लागला. म्हणजे जी विहीर सार्वजनिक म्हणून वापरली जात होती तिचा गाळ काढणारे हात दिवसेंदिवस थोडे होत गेले. अशा लायब्रऱ्यांची गरज मात्र कमी झालेली नाहीं. निरनिराळ्या देशांतील संघांना जोडणारा एज्युगेन हा महासंघ २०११ पासून चालू आहे. त्यामुळें एका देशांतील विद्यापीठानें सही केलेलें पत्र दुसऱ्या खंडांतील सर्व्हरवर वाचलें जाणें ही रोजची गोष्ट झाली आहे.

दोषहि संपलेले नाहींत. २०२५ च्या मार्च महिन्यांत ओपनसॅमलच्या सी-प्लस-प्लस लायब्ररींत असा दोष जाहीर झाला कीं, पत्र पोंचविण्याच्या कांहीं पद्धतींत सोबतच्या घटकांची फिरवाफिरव करून सही केलेल्या पत्राची बतावणी करतां यावी. ३.३.१ ही सुधारलेली आवृत्ति त्याच वेळीं प्रसिद्ध करण्यांत आली. त्यानंतर ठिकठिकाणच्या व्यवस्थापकांना करावयाचें उरलें तें इतकेंच: फाईल बदलावयाची, आणि शिब-डी बंद करून पुन्हा सुरू करावयाचा.